विश्लेषण : रॅमची पट्टी दिसायला सारखीच, मग बसत का नाही?

मेमरी महागली असताना चुकीची रॅम घेणे परवडणारे नाही. खरेदीपूर्वी पट्टीची लांबी, खाच, चिपची संख्या आणि लेबल पाहिले, तर पैसे आणि मनस्ताप दोन्ही वाचू शकतात.

छत्रपती संभाजीनगरच्या गारखेडा परिसरात शहानूरमियाँ दर्गा चौकातून सूतगिरणी चौकाकडे निघाले, की क्लास, अभ्यासिका, विद्यार्थ्यांच्या खोल्या आणि झेरॉक्स-ऑनलाइन फॉर्मची दुकाने लागतात. या सगळ्या ठिकाणी कॉम्प्युटर आहे आणि तो बहुतेक वेळा नवा नसतो. मोठ्या भावाचा लॅपटॉप धाकट्याकडे येतो, ऑफिसातून निघालेला डेस्कटॉप घरी येतो. काही दिवसांनी मशीन अडखळू लागते आणि कुणीतरी सल्ला देते, ‘रॅम वाढव, पळायला लागेल.’

सल्ला बऱ्याचदा बरोबर असतो. घोळ होतो तो खरेदीत. ‘८ जीबी रॅम’ एवढे शब्द टाकून ऑनलाइन ऑर्डर दिली जाते, पट्टी घरी येते आणि स्लॉटमध्ये बसतच नाही. काही वेळा बसते, पण कॉम्प्युटर सुरू होत नाही. असे का होते, हे समजून घेण्यासाठी इंजिनीअर असण्याची गरज नाही. पट्टी हातात घेऊन नीट पाहिली, तरी तिच्याविषयीची बरीचशी माहिती मिळते.

हा विषय आताच का महत्त्वाचा?

याला दोन कारणे आहेत. पहिले, १४ ऑक्टोबर २०२५ रोजी मायक्रोसॉफ्टने विंडोज १० चे नियमित पाठबळ थांबवले. त्यामुळे जुनी मशीन ठेवायची, सुधारायची की बदलायची, हा प्रश्न अनेक घरांत उभा राहिला.

दुसरे कारण महागाईचे आहे. जगातील बहुतांश मेमरी चिप सॅमसंग, एसके हायनिक्स आणि मायक्रॉन या तीन कंपन्या बनवतात. कृत्रिम बुद्धिमत्तेच्या डेटा सेंटरना लागणारी ‘एचबीएम’ ही खास मेमरी याच कंपन्यांकडून येते आणि त्यात नफा जास्त आहे. कारखान्यांची क्षमता तिकडे वळल्याने साध्या रॅमचा तुटवडा झाला आणि २०२५ च्या उत्तरार्धापासून जगभर किमती चढल्या. मायक्रॉनने तर ३ डिसेंबर २०२५ रोजी ‘क्रूशियल’ या नावाने सामान्य ग्राहकांना मेमरी विकण्याच्या व्यवसायातून बाहेर पडत असल्याचे जाहीर केले. भारतात अनेक वर्षे सहज मिळणारा हा ब्रँड होता.

किमती चढल्या की ग्राहक जुन्या आणि स्वस्त मालाकडे वळतो. तिथे बिल नसते, वॉरंटी नसते आणि अनेकदा परतीची सोयही नसते. म्हणून काय घ्यायचे, हे पैसे देण्याआधीच ओळखता यायला हवे.

पहिली ओळख : लांब की आखूड?

रॅम म्हणजे कॉम्प्युटरची कामाची जागा. हार्ड डिस्क किंवा एसएसडी हे कपाट मानले, तर रॅम हे टेबल. टेबल मोठे असेल, तर एकाच वेळी जास्त फाइली उघडून बसता येते. हे टेबल एका हिरव्या किंवा काळ्या पट्टीच्या रूपात येते. पट्टीवर काळ्या चौकोनी चिप असतात आणि खालच्या कडेला सोनेरी पिनांची रांग असते.

डेस्कटॉपच्या पट्टीला ‘डिम’ म्हणतात. तिची लांबी सुमारे १३३ मिलिमीटर, म्हणजे साधारण सव्वापाच इंच असते. लॅपटॉपच्या पट्टीला ‘सो-डिम’ म्हणतात. ती सुमारे ६८ ते ७० मिलिमीटर, म्हणजे डेस्कटॉपच्या पट्टीच्या निम्मीच असते. हा फरक लहान मुलालाही दिसेल. पण ऑनलाइन फोटोत शेजारी मोजपट्टी ठेवलेली नसते आणि तिथेच फसगत होते. छोट्या आकाराचे मिनी पीसी आणि काही ऑल-इन-वन डेस्कटॉप यांतही लॅपटॉपचीच आखूड पट्टी लागते. त्यामुळे ‘डेस्कटॉप आहे म्हणजे लांब पट्टी’ असे गृहीत धरू नये.

‘डिम’ या नावातच एक जुनी गोष्ट दडली आहे. त्याआधी ‘सिम’ नावाच्या पट्ट्या होत्या. (मोबाइलच्या सिमशी त्यांचा संबंध नाही.) त्यांच्या दोन्ही बाजूंच्या पिना आतून एकमेकींना जोडलेल्या असत, म्हणजे दोन बाजू मिळून काम एकीचेच. ‘डिम’मध्ये पुढच्या आणि मागच्या पिना स्वतंत्र झाल्या आणि तेवढ्याच लांबीत दुप्पट जोडण्या मिळाल्या.

दुसरी ओळख : खाच कुठे आहे?

सोनेरी पिनांच्या रांगेत एक छोटी खाच असते. स्लॉटमध्ये नेमक्या त्याच जागी एक उंचवटा असतो. खाच आणि उंचवटा जुळले तरच पट्टी आत जाते. खाच मुद्दाम मधोमध ठेवलेली नसते, म्हणजे पट्टी उलटी बसवता येत नाही.

खाचेचे खरे काम याहून मोठे आहे. रॅमच्या पिढ्या बदलत गेल्या, तसा त्यांना लागणारा विद्युतदाब कमी होत गेला. पहिल्या डीडीआरला २.५ व्होल्ट लागत. डीडीआर-२ ला १.८, डीडीआर-३ ला १.५, डीडीआर-४ ला १.२ आणि डीडीआर-५ ला १.१ व्होल्ट लागतात. १.२ व्होल्टची पट्टी १.५ व्होल्टच्या स्लॉटमध्ये बसली असती, तर चिप खराब होण्याची भीती होती. शिवाय कोणत्या पिनेवर कोणता संदेश येणार, हेही प्रत्येक पिढीत वेगळे. म्हणून मेमरीची मानके ठरवणाऱ्या ‘जेडेक’ या संस्थेने प्रत्येक पिढीत खाचेची जागा बदलली. चुकीची पट्टी बसत नाही, हा दोष नाही. ती ग्राहकाच्याच मशीनची राखण आहे.

पिनांची संख्याही बदलली. डेस्कटॉपच्या पट्टीत पहिल्या डीडीआरला १८४ पिना होत्या. डीडीआर-२ आणि डीडीआर-३ या दोन्हींना २४० आहेत. डीडीआर-४ आणि डीडीआर-५ या दोन्हींना २८८ आहेत. त्यामुळे फक्त पिना मोजून भागत नाही. लॅपटॉपच्या पट्टीत मात्र आकडे वेगवेगळे आहेत : डीडीआर-३ ला २०४, डीडीआर-४ ला २६० आणि डीडीआर-५ ला २६२.

गारखेड्यातल्या घरांतून आज सर्वाधिक गोंधळ होईल तो डेस्कटॉपच्या डीडीआर-३ आणि डीडीआर-४ यांत, कारण जुन्या मशीन प्रामुख्याने याच दोन पिढ्यांच्या आहेत. ओळखायची सोपी खूण अशी : डीडीआर-३ च्या एका बाजूला १२० पिना असतात आणि खाच त्यांचे ४८ आणि ७२ असे दोन भाग करते. म्हणजे खाच स्पष्टपणे एका बाजूला सरकलेली दिसते. डीडीआर-४ मध्ये एका बाजूच्या १४४ पिनांचे भाग ७७ आणि ६७ असे होतात, म्हणजे खाच मध्याच्या जवळ येते. दुसरी खूण खालच्या कडेची. डीडीआर-३ ची कड सरळ असते. डीडीआर-४ ची कड मध्ये किंचित खाली उतरते आणि टोकांकडे वर जाते. पिना वाढल्यामुळे पट्टी दाबायला जास्त जोर लागला असता. कड वक्र केल्याने सगळ्या पिना एकाच क्षणी स्लॉटला भिडत नाहीत आणि पट्टी कमी जोरात बसते.

डीडीआर-५ ची खाच मध्याच्या आणखी जवळ आहे. या पट्टीवर चिपच्या रांगेत मध्यभागी एक वेगळी छोटी चिप आणि तिच्याभोवती काही बारीक भाग दिसतात. ती वीज सांभाळणारी चिप. आधीच्या पिढ्यांत हे काम मदरबोर्ड करत असे, डीडीआर-५ मध्ये ते पट्टीवर आले.

खाच प्रत्येक चूक अडवते का?

नाही, आणि खरी मेख इथेच आहे. खाच चुकीची पिढी अडवते. पण त्याच पिढीतल्या काही चुकीच्या पट्ट्या खुशाल आत बसतात.

पहिले उदाहरण डीडीआर-३ चे. याच पिढीत ‘डीडीआर-३एल’ नावाचा १.३५ व्होल्टवर चालणारा प्रकार आहे. त्याची खाच आणि पिना साध्या डीडीआर-३ सारख्याच. मात्र काही लॅपटॉप फक्त डीडीआर-३एल स्वीकारतात. तिथे १.५ व्होल्टची पट्टी बसते, पण लॅपटॉप सुरू होत नाही. फरक फक्त लेबलवर दिसतो. ‘पीसी३’ नंतर रोमन ‘एल’ हे अक्षर आहे का, ते पाहायचे.

दुसरे उदाहरण जास्त पैसे बुडवणारे आहे, ते म्हणजे सर्व्हरची रॅम. मोठ्या कंपन्यांचे सर्व्हर बदलले, की त्यांतल्या पट्ट्या जुन्या बाजारात येतात. १६ किंवा ३२ जीबीची पट्टी साध्या रॅमपेक्षा स्वस्तात दिसते. लांबी तीच, पिना तेवढ्याच आणि डीडीआर-३ किंवा डीडीआर-४ असेल तर खाचही त्याच जागी. पट्टी टक् आवाज करत बसते. पण कॉम्प्युटर सुरू केला, की पडदा काळाच राहतो.

कारण या पट्टीवर ‘रजिस्टर’ नावाची एक जादा चिप असते. प्रोसेसरकडून येणारे आदेश आधी ती झेलते आणि मग मेमरी चिपना देते. त्यामुळे एका सर्व्हरमध्ये खूप जास्त मेमरी लावता येते. घरगुती कॉम्प्युटरच्या प्रोसेसरला आणि बोर्डाला ही व्यवस्था चालत नाही. पट्टी उजेडात धरली, तर मध्यभागी मेमरी चिपपेक्षा वेगळ्या आकाराची ही चिप ओळखता येते. डीडीआर-५ मध्ये मात्र ही पळवाट बंद झाली आहे. सर्व्हरच्या रजिस्टर्ड पट्टीची खाच साध्या पट्टीपेक्षा वेगळ्या जागी केल्याने ती घरच्या बोर्डात बसतच नाही. पण डीडीआर-५ पाहताना एक सावधगिरी हवी. तिच्या मध्यभागी दिसणारी वीज सांभाळणारी चिप साध्या पट्टीवरही असते. तिला रजिस्टर समजू नये.

नववी चिप कशासाठी?

साध्या डीडीआर-४ पट्टीच्या एका बाजूला बहुधा ८ चिप असतात. सर्व्हरच्या पट्टीवर ९ दिसतात. ही नववी चिप ‘ईसीसी’ची, म्हणजे चूक शोधून दुरुस्त करणारी असते. मेमरीत प्रत्येक गोष्ट ० आणि १ या रूपात साठते. अवकाशातून येणाऱ्या सूक्ष्म कणांमुळे क्वचित एखादा ० उलटून १ होऊ शकतो. घरी सिनेमा पाहताना अशी चूक कळतही नाही. हिशेबात ती महागात पडते.

याचे गाजलेले उदाहरण बेल्जियममधले आहे. मे २००३ च्या निवडणुकीत स्कारबेक या भागात एका उमेदवाराला शक्य होती त्यापेक्षा जास्त मते दिसली. तपासणीत ती नेमकी ४०९६ ने जास्त निघाली. ४०९६ म्हणजे २ चा १२ वा घात. मेमरीतला एकच बिट उलटला, तर नेमकी एवढीच वाढ होते. मतमोजणीच्या प्रोग्रॅममध्ये दोष सापडला नाही आणि संशय अशा उलटलेल्या बिटावर गेला. बँका, रुग्णालये आणि महासंगणक यांच्या सर्व्हरमध्ये नववी चिप का लागते, ते यातून कळते.

डीडीआर-५ च्या जाहिरातीत ‘ऑन-डाय ईसीसी’ असे शब्द दिसतात. ती चिपच्या आतली स्वतःची दुरुस्ती आहे. सर्व्हरच्या जादा चिपची जागा ती घेत नाही.

चिप मोजून जीबी कळते का?

चिप मोजून क्षमता नक्की कळत नाही. चिपची क्षमता गिगाबिटमध्ये मोजतात आणि ८ गिगाबिट म्हणजे १ जीबी. अशा ८ चिप लावल्या, तर ८ जीबीची पट्टी होते. चिप १६ गिगाबिटची असेल, तर तेवढ्याच ८ चिपमध्ये १६ जीबी मावतात. ८ जीबीची पट्टी ४ चिपचीही असू शकते. म्हणून ‘चिप कमी म्हणजे माल नकली’ हा समज चुकीचा आहे. मात्र चिपवर चढवलेल्या धातूच्या रंगीत कव्हरमुळे आत काय आहे ते दिसत नाही. जुन्या बाजारात असे कव्हर असलेली पट्टी घेताना ती मशीनवर लावून दाखवायला सांगावे.

लेबल कसे वाचायचे?

पट्टीवरचे लेबल रोमन अक्षरांत असते आणि पहिल्यांदा कोडे वाटते. समजा त्यावर ‘८ जीबी, १आरएक्स८, पीसी४-२६६६व्ही-यूए२’ असे आहे. यातला ८ जीबी हा आकडा क्षमतेचा. ‘पीसी४’ म्हणजे डीडीआर-४. २६६६ हा वेग. त्यानंतरच्या गटातले पहिले अक्षर सर्वांत महत्त्वाचे. ‘यू’ असेल तर डेस्कटॉपची साधी पट्टी, ‘एस’ असेल तर लॅपटॉपची आखूड आणि ‘आर’ असेल तर सर्व्हरची रजिस्टर्ड पट्टी. घरच्या मशीनसाठी ‘आर’ दिसले, की पट्टी तिथेच परत ठेवावी.

डीडीआर-३ वर हेच ‘पीसी३-१२८००यू’ असे लिहिलेले असते. १२८०० हा आकडा पाहून हुरळून जाऊ नये. तो सेकंदाला किती मेगाबाइट जातात ते सांगतो. त्याला ८ ने भागले की १६०० येते आणि हाच त्या रॅमचा नेहमी सांगितला जाणारा वेग.

आपल्या मशीनला काय लागते, ते कसे कळेल?

विंडोजमध्ये टास्क मॅनेजर उघडून ‘परफॉर्मन्स’ आणि त्यात ‘मेमरी’ निवडले, की वेग, किती स्लॉट वापरात आहेत आणि पट्टीचा प्रकार कळतो. ‘फॉर्म फॅक्टर’समोर सो-डिम लिहिले असेल, तर आखूड पट्टी. तिथे ‘रो ऑफ चिप्स’ असे दिसले, तर मेमरी बहुधा बोर्डवरच सोल्डर केलेली आहे. अनेक पातळ लॅपटॉपमध्ये असेच असते. काहींत सोल्डर केलेल्या मेमरीसोबत एक मोकळा स्लॉटही असतो, काहींत तोही नसतो. स्लॉट नसेल तर रॅम पुढे वाढवता येत नाही. नवा लॅपटॉप घेतानाच हे विचारून घ्यावे.

यावर उपाय म्हणून ‘एलपीकॅम-२’ ही नवी रचना पुढे आली आहे. यात पट्टी उभी किंवा तिरकी न बसता बोर्डावर आडवी ठेवून स्क्रूने घट्ट केली जाते. २०२४ मध्ये लेनोव्होच्या थिंकपॅड पी-१ या लॅपटॉपमध्ये ती वापरली गेली. सध्या तरी अशी मशीन मोजकीच आहेत.

प्रोसेसरवरूनही अंदाज येतो, पण तो नेहमी पुरेसा नसतो. एएमडीच्या एएम-४ सॉकेटला डीडीआर-४ आणि एएम-५ ला डीडीआर-५ लागते. इंटेलच्या १२ व्या ते १४ व्या पिढीतले डेस्कटॉप प्रोसेसर मात्र दोन्ही चालवतात. कोणती पट्टी बसेल, ते मदरबोर्ड ठरवतो. तिथे प्रोसेसरचे नाव सांगून रॅम मागितली, तर चूक होऊ शकते. मदरबोर्डचे मॉडेल सांगावे.

आणखी एक गोष्ट. रॅम वाढवली म्हणून जुने मशीन विंडोज ११ साठी पात्र ठरत नाही. त्यासाठी टीपीएम २.० आणि ठरावीक प्रोसेसरची अट आहे. फक्त त्या हेतूने रॅमवर खर्च करणार असाल, तर आधी ही अट तपासा.

बसवताना काय सांभाळावे?

मशीन बंद करून वायर काढावी. लॅपटॉप असेल तर शक्य असल्यास बॅटरीची जोडणीही सोडवावी. संभाजीनगरच्या कोरड्या हवेत अंगावर स्थिर वीज साचते. म्हणून आधी कॅबिनेटच्या उघड्या धातूला हात लावावा. पट्टी कडेने धरावी, सोनेरी पिनांना बोट लावू नये. डेस्कटॉपमध्ये पट्टी सरळ खाली दाबली जाते आणि टोकाची खुंटी आपोआप मिटते. लॅपटॉपमध्ये ती तिरकी सरकवून मग खाली दाबतात. खाच जुळत नसेल, तर जोर लावू नये. जोर लावल्यास स्लॉटचा उंचवटा तुटू शकतो आणि मग शेकड्यांच्या ठिकाणी हजारांचा फटका बसतो.

खरेदी कुठूनही करा, मॉडेल नंबर लिहिलेले बिल घ्या. दिलेली वस्तू सांगितलेल्यापेक्षा वेगळी निघाली आणि विक्रेता दाद देत नसेल, तर राष्ट्रीय ग्राहक हेल्पलाइनच्या १९१५ या क्रमांकावर तक्रार नोंदवता येते.

सर्वांत सोपा उपाय शेवटी. मशीनमधली जुनी पट्टी काढा, रुमालात नव्हे तर कागदाच्या पाकिटात ठेवा आणि दुकानात सोबत घेऊन जा. नवी पट्टी तिच्या शेजारी ठेवा. लांबी तीच आहे, खाच त्याच जागी आहे, मध्ये जादा चिप नाही आणि लेबलवरचे अक्षर जुळते, एवढे पाहायला दोन मिनिटे लागतात. ती दोन मिनिटे काउंटरवरच द्या. घरी आल्यावर रॅम बदलून मिळेलच, याची खात्री नसते.